ग्लॅडिएटर आणि त्याचा प्रेक्षक

रोमच्या आखाड्यावरचा कोणताही चित्रपट घ्या, त्यात एक प्रसंग ठरलेला असतो. एक लढवय्या वाळूत उताणा पडला आहे, दुसऱ्याची तलवार त्याच्या गळ्याशी टेकली आहे, हजारो लोक श्वास रोखून सम्राटाकडे पाहत आहेत. आणि सम्राटाचा अंगठा सावकाश खाली वळतो. हा अंगठा आपल्यापैकी बहुतेकांना रोमचा इतिहास म्हणून ठाऊक असतो. वस्तुतः तो इतिहासातून जितका आला, त्याहून अधिक एका चित्रातून आला आहे.

ज्याँ-लेओं जेरोम या फ्रेंच चित्रकाराने १८७२ साली 'पोल्लिचे वेर्सो' नावाचे तैलचित्र रंगवले. आज ते अमेरिकेत, फिनिक्स येथील कलासंग्रहालयात आहे. विजयी ग्लॅडिएटर पडलेल्याच्या गळ्यावर पाय देऊन वर पाहतो आहे आणि पांढऱ्या वस्त्रांतल्या व्हेस्टा देवीच्या कुमारिका आवेशाने अंगठे खाली करीत आहेत, असा तो देखावा. चित्राच्या नावातले शब्द जुवेनाल या रोमन कवीकडून आले. त्यांचा अर्थ 'अंगठा वळवून' एवढाच होतो. वर, खाली की स्वतःच्या छातीकडे, हे लॅटिन ग्रंथांत स्पष्ट सापडत नाही. परंतु चित्रकाराला संदिग्ध अंगठा काढता येत नाही! जेरोमने तो खाली काढला आणि मूकपटांच्या काळापासून चित्रपटांनी तोच उचलला. पुढे रिडली स्कॉट या दिग्दर्शकाला निर्मात्यांनी 'ग्लॅडिएटर' या चित्रपटासाठी गाठले, तेव्हा त्यांनी त्याच्यापुढे याच चित्राची प्रत ठेवली, आणि तेवढ्यावरच त्याचे मन वळले. तो चित्रपट २००० साली आला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटासह पाच ऑस्कर पारितोषिके मिळाली.

मरायला निघालेल्यांचा सम्राटाला मुजरा, ही चित्रपटांची दुसरी आवडती लकब. तिचीही कथा अशीच आहे. सुएटोनियसने हा मुजरा नोंदवला आहे तो क्लॉडियस सम्राटाच्या वेळी, इ. स. ५२ मध्ये फुकिनस सरोवरावर झालेल्या लुटुपुटीच्या नौकायुद्धापूर्वीचा. तो करणारे ग्लॅडिएटर नव्हते, शिक्षा झालेले कैदी होते. सम्राटाने थट्टेने असे काही उत्तर दिले की त्यातून आपल्याला माफी मिळाली असा कैद्यांनी अर्थ काढला आणि ते लढेनातच. शेवटी खुद्द सम्राटाला धावपळ करून त्यांना लढायला लावावे लागले. हा भाग कोणी पडद्यावर आणीत नाही.

मग खरा ग्लॅडिएटर कसा होता? पहिली गोष्ट म्हणजे तो महाग होता. त्याच्या शाळेचा मालक त्याला पोसून, शिकवून, वैद्याकरवी जपून तयार करी आणि खेळ भरवणाऱ्याला भाड्याने देई. दुसऱ्या शतकातील गायस या कायदेपंडिताने यासंबंधी एक बारीक प्रश्न चर्चेला घेतला आहे. माणूस धडधाकट परत आला तर प्रत्येकी २० दिनार. मेला किंवा पंगू झाला तर १,००० दिनार. मग हा व्यवहार भाड्याचा समजावा की विक्रीचा? गायस सांगतो, परत आला तर भाडे, न आला तर विक्री. या एका हिशेबात आम्हाला सबंध रोम दिसतो. पराभूताला मारा म्हणणे म्हणजे पन्नासपट पैसा मोजणे होते. म्हणून पुष्कळ हरलेले लढवय्ये जिवंत परत जात. पाँपेईच्या भिंतींवर लोकांनी लढतींचे निकाल खरडून ठेवले आहेत. त्यांत जिंकलेल्यापुढे एक अक्षर, मेलेल्यापुढे दुसरे, आणि हरूनही सोडून दिलेल्यापुढे तिसरे अक्षर आहे. लढतीला पंच असत, जोड्या ठरलेल्या असत: जाळे-त्रिशूळवाल्यापुढे बंद शिरस्त्राणाचा ढालवाला, आखूड वाकड्या तलवारीच्या थ्रेशियनापुढे मोठ्या ढालीचा मुर्मिलो. कुस्तीच्या फडाला जाणाऱ्यांना हे समजायला जड जाऊ नये. कोल्हापूरच्या खासबाग मैदानाची कल्पना छत्रपती शाहू महाराजांना १९०२ च्या युरोपच्या प्रवासात रोमचे कलोसियम पाहून सुचली, असे सांगतात. तेथून त्यांनी कोठूनही नीट दिसेल अशी बैठक घेतली. निकालाला मात्र आपली चीतपटच ठेवली.

खेळात जितकी माणसे मरत, त्याहून कितीतरी अधिक चित्रपटांत मरतात. याचे कारण सरळ आहे. पडद्यावरच्या मरणाचे १,००० दिनार कोणाला भरावे लागत नाहीत, आणि तिकीट काढून आलेल्या माणसाला मरण पाहायचे असते. येथेच या चित्रपटांची खरी अडचण आहे. ते उघडपणे सांगत असतात की माणसाला करमणुकीसाठी मारणे हे अमानुष आहे. आणि सांगतात ते आपल्या करमणुकीसाठी माणसे मारून दाखवून.

ही अडचण ज्याला कळली होती असा आमच्या मते एक चित्रपट म्हणजे १९६० चा 'स्पार्टाकस'. हॉवर्ड फास्ट हा कादंबरीकार १९५० साली काँग्रेसच्या अवमानाबद्दल तुरुंगात गेला होता. १९५१ मध्ये ही कादंबरी त्याला स्वतःच छापावी लागली. पटकथाकार डाल्टन ट्रम्बो हाही काळ्या यादीतला. अशा माणसांच्या हातून आलेल्या या चित्रपटात पहिली मोठी लढत आपल्याला जवळजवळ दिसतच नाही. स्पार्टाकस आणि ड्राबा आपल्या पाळीची वाट पाहत एका लाकडी खोपटात समोरासमोर बसले आहेत. बाहेर दुसरी जोडी लढते आहे, तिचे आवाज आत येतात आणि फळ्यांच्या फटींतून थोडेसे दिसते, तेवढेच. दोघांचे चेहरे मात्र पुरते दिसतात. मग त्यांची पाळी येते. ड्राबा जिंकतो, पण मारीत नाही. हातातला त्रिशूळ तो वर बसलेल्या रोमन पाहुण्यांवर फेकतो आणि त्यांच्याकडे चढत असता मारला जातो. पाहुण्यांनी ही झुंज केवळ मौजेखातर मागितली होती. त्यांची बैठक आणि आपली खुर्ची यांत फारसे अंतर नाही, हे त्या क्षणी जाणवते. इतिहासाशी हा चित्रपट सर्वत्र इमानी नाही. प्लुटार्कच्या सांगण्याप्रमाणे इ. स. पू. ७३ मध्ये कापुआच्या शाळेतून ७८ जण स्वयंपाकघरातल्या सुऱ्या आणि मांस भाजण्याच्या सळया घेऊन निसटले; शेवटी ६,००० कैद्यांना आपियन रस्त्यावर क्रुसावर चढवले गेले; पण स्पार्टाकसचे प्रेत कधी सापडलेच नाही. चित्रपट त्याला क्रुसावर नेतो.

'ग्लॅडिएटर'मध्ये हाच प्रश्न थेट विचारला आहे. मॅक्सिमस एका प्रांतातल्या लहान आखाड्यात झटपट सगळ्यांना कापून काढतो, तलवार मान्यवरांच्या सज्जात भिरकावतो आणि लोकांना दरडावून विचारतो, झाली का तुमची करमणूक? क्षणभर शांतता, आणि मग लोक त्याचाच जयघोष करू लागतात. आम्ही तो प्रसंग प्रथम पाहिला तेव्हा चित्रपटगृहातही टाळ्या पडल्या. त्यांत आमची एक होती, हे कबूल केले पाहिजे. धिक्कारच सर्वांत रंजक ठरला!

दूरचित्रवाणीचे काय? अमेरिकेत १९८९ पासून आणि ब्रिटनमध्ये १९९२ पासून 'ग्लॅडिएटर्स' नावाच्या स्पर्धा चालल्या. त्यांत गाद्या, शिरस्त्राणे आणि टोकांना कापूसभरला गोळा असावा तशा काठ्या. कोणी मरत नाही, हरलेला हसत हात मिळवतो. आमचे तिच्याशी भांडण नाही. अधिक विचार करायला लावतो तो 'स्टार ट्रेक' मालिकेचा १९६८ मधील एक भाग. त्यात रोम कधी पडलेच नाही अशा एका ग्रहावर ग्लॅडिएटरांची झुंज दूरचित्रवाणीच्या स्टुडिओत चालते. तेथे प्रेक्षक नाहीत. टाळ्या, हुर्यो, शिट्ट्या यांसाठी बटणे आहेत, आणि मधे मोटारगाडीची जाहिरात आहे. पुढे 'हंगर गेम्स'च्या लेखिकेने आपल्या कल्पित राष्ट्राचे नाव पानेम ठेवले, ते रोमच्या भाकरीवरून. तिला ही कल्पना सुचली ती रात्री वाहिन्या बदलताना. एकीकडे स्पर्धेचा कार्यक्रम, दुसरीकडे इराकचे युद्ध, आणि दोन्ही एकमेकांत मिसळू लागलेले.

बटणाने टाळ्या वाजवण्याची रोमला गरज नव्हती. तेथल्या गर्दीचे बळ काय होते याची एक साक्ष संत ऑगस्टीनने आपल्या आत्मकथनात ठेवली आहे. त्याचा मित्र अलिपियस या खेळांचा तिटकारा करी. चौथ्या शतकात रोममध्ये शिकत असता काही सोबत्यांनी त्याला बळेच आखाड्याकडे ओढले. शरीर न्याल, मन आणि डोळे नेता येणार नाहीत, असे बजावून तो गेला आणि डोळे घट्ट मिटून बसला. कान मात्र मिटता येत नाहीत. खाली कोणी पडले, सारा जनसमुदाय एकदम गरजला, आणि कुतूहलाने त्याने डोळे उघडले. त्यानंतर त्याला नजर वळवता आली नाही. तोही ओरडू लागला. पुढे तो पुन्हा पुन्हा गेला, आणि ज्यांनी त्याला प्रथम ओढून नेले होते त्यांच्याही पुढे होऊन, दुसऱ्यांना ओढून नेऊ लागला.