आली तर गाडी, झालं तर जाकीट

गोंदियात ‘बोलेरो आली का?’ म्हटलं की माणसं रस्त्याकडे बघतात. ‘बोलेरो झालं का?’ असं विचारणारी बाई मात्र माझ्या दुकानात उभी असते. मी बायकांचे कपडे शिवते.

गाडीचं सगळ्यांना ठाऊक आहे. महिंद्राने ती 2000 साली आणली. सालेकसा-देवरीकडची वऱ्हाडं तिच्यातून येतात, माघ पौर्णिमेला कचारगडच्या यात्रेला तिच्या रांगा लागतात. गाडी सात जणांची. वऱ्हाडी किती बसतात ते विचारू नका.

माझं बोलेरो म्हणजे लेहेंग्यावरचं आखूड जाकीट. कमरेच्या वरच संपतं, पुढून उघडं, बटण नाही, हूक नाही, कड गोल फिरवलेली. खरी मेख मुंढ्यात आहे. तो जरा सैल ठेवावा लागतो, नाहीतर वरातीत नवरीच्या बहिणीने हात वर केले की सगळं जाकीट गळ्याशी गोळा होतं.

हे जाकीट नाचाचंच आहे म्हणा. बोलेरो हा अठराव्या शतकातला स्पेनचा तीन मात्रांचा नाच. नाचणाऱ्यांच्या आखूड जाकिटालाही तेच नाव पडलं. क्यूबात, सँतियागो शहरात, 1880 च्या दशकात पेपे सांचेझ नावाच्या माणसाने गिटारवर संथ प्रेमगीतं बांधली, त्यांनाही बोलेरोच म्हणतात. क्यूबा-मेक्सिकोचं हे गाणं 2023 साली युनेस्कोच्या वारसायादीत गेलं. संगीतकार रॅव्हेलची याच नावाची रचना 1928 साली पॅरिसमध्ये पहिल्यांदा सादर झाली. सुमारे पंधरा मिनिटं ढोलाचा एकच ठेका, फक्त आवाज चढत जातो. शिलाई मशीनवर बसून ऐकायला मला फार आवडते. हॉलिवूडने 1934 आणि 1984 साली ‘बोलेरो’ नावाचे दोन वेगळे सिनेमे काढले.

बोलीभाषेत तर कमालच. स्पेनमध्ये थापाड्याला बोलेरो म्हणतात, मेक्सिकोत बूट-पॉलिशवाल्याला. आमच्याकडे थापाड्याला गाडीचं नाव दिलं तर तो खूशच होईल! मेक्सिकोचा विनोदी नट कांतिन्फ्लास याने 1957 साली या गोंधळावर ‘एल बोलेरो दे राकेल’ हा अख्खा सिनेमा काढला. नावात रॅव्हेलच्या जागी राकेल. त्यात तो लोकांचे बूट चमकवतो आणि नाचायची वेळ आली की रॅव्हेलच्याच धुनेवर नाचतो.