रुसलेल्या देवीची टेकडी

आषाढ लागला की मंगळवारी नाहीतर शुक्रवारी कोल्हापुरात कुठल्यातरी वळणावर गाडी थांबवावी लागतेच. पुढून 'पी ढबाक' वाजत येतं आणि मागं डोक्यावर कलश घेतलेल्या पोरी. कलशात पंचगंगेचं नवं पाणी, तोंडाला कडुलिंबाचा पाला. गल्ल्यांच्या, तालमींच्या या मिरवणुका निघालेल्या असतात टेंबलाईच्या टेकडीकडं. देवळाच्या पायरीवर ते पाणी ओतायचं आणि घरी येऊन आषाढाचं जेवण. ते कसलं, हे कोल्हापूरकराला सांगायला नको!

नववीत असताना मीही असा कलश नेला होता. आक्कानं, म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीनं, जुन्या लुगड्याची चुंबळ करून दिली होती. सबंध वाट ती माझ्या शेजारून एक हात वर धरून चालली. पाणी सांडलं तर?

टेकडी गावाच्या पूर्वेला. तेव्हा ती अगदी गावाबाहेर वाटायची, आता गावानंच तिला वेढा घातलाय. एका अंगाला १९६२ साली सुरू झालेलं शिवाजी विद्यापीठ, खालच्या बाजूला १८९१ पासूनची रेल्वे. वर झाडं, मोकळा वारा आणि बसलेला भलामोठा गणपती. पहाटे फिरणारे येतात, संध्याकाळी पोराबाळांना घेऊन आया येतात. कॉलेजची जोडपी येतात आणि त्यांच्याकडं बघायचं नाही असं ठरवून बघणाऱ्या आमच्यासारख्या बायकाही येतात.

टेंबलाई म्हणजे त्र्यंबोली. कथा सांगतात ती अशी : अंबाबाईनं कोल्हासुराला मारलं. त्याच्या मुलानं, कामाक्षानं, योगदंडाच्या जोरावर सगळ्या देवदेवतांची शेळ्या-मेंढरं करून टाकली. त्र्यंबोलीनं युक्तीनं दंड मिळवला आणि सगळ्यांना सोडवलं. पुढं विजयाचा सोहळा झाला आणि जिच्यामुळं तो झाला, तिलाच बोलवायचं राहून गेलं! ती रुसली आणि टेकडीवर जाऊन अंबाबाईकडं पाठ करून बसली.

म्हणून नवरात्रात ललिता पंचमीला अंबाबाई स्वतः पालखीतून तिच्या भेटीला जाते. 'ये गं खाली' असा निरोप धाडत नाही, आपण टेकडी चढते. तिथं कुमारिकेच्या हातून कोहळा फोडतात, तो कोल्हासुराच्या वधाची आठवण म्हणून. छत्रपती घराण्यातली मंडळी हजर असतात. कोहळा फुटला रे फुटला की त्याच्या तुकड्यासाठी जी झुंबड उडते, ती बघूनच घाम फुटावा. तुकडा घरात असला की बरकत येते म्हणतात.

ही गोष्ट मी शंभरदा ऐकली असेल. पण ती माझ्याच घरात घडली, तेव्हा मला कळली नाही.

ह्यांच्या ऑपरेशनच्या वेळी आक्कानं एकवीस रात्री दवाखान्यातल्या बाकड्यावर काढल्या. पुढच्याच वर्षी लेकीचं लग्न निघालं. पत्रिका छापून आल्या, वाटल्याही. निमंत्रकांत लांबच्या आत्या, चुलत मावश्या, सगळ्या होत्या. आक्का नव्हती. ती लग्नाला आली, अक्षता टाकल्या आणि न जेवता गेली. तीन वर्षं माझ्या घरचा उंबरा चढली नाही. फोन केला की, 'बरं हाय', एवढंच. मी सगळ्यांना सांगत राहिले, छापखान्याची चूक. खरं तर यादी माझ्याच हातची होती.

यंदाच्या ललिता पंचमीला मी पालखीमागून निघाले. आक्काचं घर टेंबलाईवाडीतच. टेकडीचा चढ लागला आणि मी गर्दीतून बाजूला झाले, तिच्या दारात जाऊन उभी राहिले. ती मेथी निवडत बसली होती.

"आक्का, पत्रिकेत तुझं नाव लिहायचं मीच विसरले. छापखाना नव्हं."

"मला ठावं हाय." तिनं मान वर केली नाही. "तीन वर्षं वाट बघतोय, कधी म्हणतीस." (आम्ही कोल्हापूरच्या बायका 'बघते' म्हणत नाही, 'बघतो'च.)

मग मीही मेथीची जुडी पुढं ओढली. जुडी संपेपर्यंत कुणीच काही बोललं नाही.

"वर आता गर्दी असंल," ती म्हणाली. "सांजचं जाऊया. माझ्या गुडघ्यानं चढणं व्हायचं न्हाई, रिक्षा करायची. पैसे तू दे."

संध्याकाळी वर गेलो तेव्हा गर्दी पांगली होती. एक पोरगा कोहळ्याचा तुकडा मिरवत मित्रांना दाखवत होता. आक्कानं त्याला हाक मारली, कुणाचा कोण चौकशी केली आणि अर्धा तुकडा मागूनच घेतला.

तो तिनं पदराला बांधला. मला काही दिला नाही.