वरच्या मजल्यावरच्या देशपांडे आंटी

'लंचबॉक्स' मी आजवर सात वेळा तरी पाहिला असेल. त्यातून दोनदा चक्क डोळे मिटून. इरफान, निम्रत कौर, नवाझुद्दीन ही मंडळी मोठीच, पण मला ऐकायच्या असतात त्या देशपांडे आंटी. रितेश बत्रांच्या या २०१३ सालच्या चित्रपटात भारती आचरेकर पडद्यावर एकदाही दिसत नाहीत. आहे तो नुसता आवाज.

खाली राहणारी इला स्वयंपाकघराच्या खिडकीतून मान वर करून हाक मारते. वरून उत्तर येतं, कधी दोरीला बांधलेली टोपलीही येते. शिजणाऱ्या भाजीचा वास वर पोचला की आंटींचा सल्ला तयार.

गिरगावात माझी आत्या तिसऱ्या मजल्यावर राहायची. पाववाला आला की ती अशीच टोपली सोडायची आणि टोपली जमिनीला टेकेपर्यंत तिचं बोलणं चालू असायचं. खिडकीतून बोलणाऱ्या बाईचा आवाज वेगळाच लागतो. ऐकणारं माणूस समोर नसतं, म्हणून शेवटचं अक्षर जरा लांबतं. बोलताना हात मात्र कामातच असतात, कधी कोथिंबीर निवडणं, कधी कपड्यांच्या घड्या. भारतीताईंच्या आवाजात मला ते हात ऐकू येतात.

पंख्याचा प्रसंग आठवा. देशपांडे काका कित्येक वर्षं अंथरुणाला खिळलेले, नजर छतावरच्या पंख्यावर. पंखा फिरतोय तोवर काका आहेत, अशी आंटींची पक्की समजूत. म्हणून त्यांनी तो बंद न करता, फिरता असतानाच पुसला. रडवेला सूर लावायला केवढी जागा होती! भारतीताई हे सगळं गिरणीतून दळण घेऊन आल्यासारखं सांगतात, आणि माझ्या घशात आवंढा येतो तो त्यामुळेच.

आवाजाची ही जाण घरातूनच आली असावी, असं माझं मत आहे. त्या गायिका माणिक वर्मांच्या कन्या. बहिणींपैकी राणी वर्मा गायिका, वंदना गुप्ते अभिनेत्री. ज्या घरात पहाटे तंबोरा जुळवला जातो, तिथल्या मुलीला शब्द कुठे ठेवायचा आणि कुठे सोडायचा हे वेगळं शिकवावं लागत नसेल.

बाकीची वाटचाल भराभर सांगतो. विजया मेहतांनी बसवलेलं 'हमीदाबाईची कोठी', बासू चॅटर्जींचे 'अपने पराये' आणि 'चमेली की शादी', नंतर 'बेटा', मराठीत 'वळू'. नाटक, चित्रपट, मालिका, तिन्हीकडे त्या सहज वावरल्या. नायिकेची आई, मावशी, शेजारीण अशा भूमिका वाट्याला येत गेल्या आणि श्रेयनामावलीत नाव खाली राहिलं. मला याची खंत वाटते.

'वागळे की दुनिया'शी मात्र थांबायलाच हवं. १९८८ साली दूरदर्शनवर आलेली, आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतली आणि कुंदन शाह यांनी दिग्दर्शित केलेली ही मालिका. अंजन श्रीवास्तव वागळे आणि भारतीताई राधिका वागळे. नवऱ्याची फजिती झाली की राधिका आधी त्याच्याकडे नुसती बघायची, मग बोलायची. त्या दोन क्षणांच्या गप्प बसण्यात आमच्या अख्ख्या वाडीतल्या बायका होत्या. पुढे २०२१ मध्ये नव्या पिढीची मालिका आली, तेव्हा हीच जोडी आजी-आजोबा होऊन परतली. आमच्या घरी तर दूरच्या गावाहून नातेवाईक आल्याचा आनंद झाला.

गेल्या दिवाळीत फराळाचं आटोपल्यावर आईबरोबर पुन्हा 'लंचबॉक्स' लावला. संपल्यावर मी विचारलं, "देशपांडे काकू कशा वाटल्या गं?"

"छानच. जरा थकल्यासारख्या दिसत होत्या," आई म्हणाली. "पदर खोचून त्या पंख्यापाशी उभ्या होत्या ना, तेव्हा जास्त जाणवलं."