न दुखणारे दुखणे



दात ठणकू लागला की माणूस अपरात्रीही डॉक्टरांचे दार ठोठावतो. वाढलेल्या रक्तदाबाची गोष्ट नेमकी उलटी आहे. तो वर्षानुवर्षे अंगात मुक्काम करतो आणि बहुधा काहीच दुखत नाही. "मला काय धाड भरलीय? रोज रंकाळ्याला फेरी मारतो," असे म्हणणाऱ्या गृहस्थांच्या दंडाला पट्टा बांधावा, तर आकडा १८० निघतो!

हा आकडा कशाचा? हृदय आकुंचन पावून रक्त बाहेर लोटते, तेव्हा रोहिण्यांच्या भिंतींवर पडणारा दाब तो वरचा आकडा; हृदय सैल पडते त्या वेळचा, तो खालचा. दवाखान्यात वेगवेगळ्या दिवशी मोजूनही १४० किंवा ९० च्या खाली तो येत नसेल, तर दाब वाढला असे समजतात. सततच्या दाबाने रोहिण्या कठीण होतात, हृदयाचे स्नायू जाड होतात, मूत्रपिंडे झिजतात, आणि एखाद्या सकाळी मेंदूतली रक्तवाहिनी फुटते किंवा तुंबते. आपण म्हणतो, "काल तर धडधाकट होते, अचानक अर्धांग झाले." ते अचानक नसते, तयारी दहा-पंधरा वर्षे चाललेली असते.

एके काळी हे कळूनही इलाज नव्हता. अमेरिकेचे अध्यक्ष रूझवेल्ट यांचा दाब भयंकर वाढला आहे हे त्यांच्या डॉक्टरांना ठाऊक होते. तरी १२ एप्रिल १९४५ रोजी मेंदूतील रक्तस्रावाने ते गेले. जगातल्या सर्वांत बलाढ्य माणसाला जी गोळी मिळाली नाही, ती आज सरकारी दवाखान्यात फुकट मिळते. या प्रवासात आपल्या मुंबईचाही वाटा आहे. डॉ. रुस्तम जाल वकील यांनी सर्पगंधेच्या मुळीचा रक्तदाबावरील गुण रुग्णांवर पडताळून १९४९ मध्ये ब्रिटिश नियतकालिकात प्रसिद्ध केला आणि साऱ्या जगाचे लक्ष या मुळीकडे वळले. १९५७ साली त्यांना लास्कर पारितोषिक मिळाले. सर्पगंधेतील रिसर्पीन पुढे मागे पडले, कारण त्याने काहींचे मन फार खिन्न होई. आता अॅम्लोडिपीन, टेल्मिसार्टन अशी अधिक निर्धोक औषधे आहेत. म्हणून कोणी घरी मुळी उगाळत बसू नये.

मग अडते कुठे? जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२३ च्या अहवालाप्रमाणे भारतात ३० ते ७९ वयाच्या सुमारे १८ कोटी ८० लाख लोकांना हा विकार आहे. त्यांतल्या शंभरांपैकी ३७ जणांनाच तो माहीत आहे, ३० औषध घेतात आणि दाब ताब्यात आहे तो केवळ १५ जणांचा. औषध घेणाऱ्यांतले निम्मेच सुरक्षित! याचे एक मोठे कारण म्हणजे बरे वाटले की गोळी बंद. वास्तविक आकडा उतरला तो गोळीमुळे. ती सोडली की तो पुन्हा चढतो, आणि चढल्याचे कळत नाही.

आता थोडे आपल्या ताटाविषयी. कोल्हापुरात दोष तिखटाला देण्याची रीत आहे. मला वाटते, तिखट बिचारे उगाच बदनाम झाले. खरा चोर मीठ. दिवसाला पाच ग्रॅम, म्हणजे सपाट चमचाभर, ही सर्व मिळून मर्यादा. तांबडा-पांढरा वाटीवर वाटी रिचवायचा, सोबत खर्डा, लोणचे, पापड, संध्याकाळी भडंग. मग हिशेब कोण ठेवणार? सैंधवही मीठच, त्याने सुटका नाही. त्यात तालीम सुटलेल्या पैलवानाची खुराक मात्र सुटत नाही, आणि मिश्री-तंबाखू तर रोहिण्यांचा दुसरा वैरी.

मोजण्यापूर्वी अर्धा तास चहा-तंबाखू नको. पाच मिनिटे पाठ टेकून, पाय जमिनीवर ठेवून स्वस्थ बसावे, हात हृदयाच्या उंचीवर टेकवावा आणि बोलू नये. जिना चढून धापा टाकत मोजलेला आकडा फसवा.

आपल्या शेजारच्या सिंधुदुर्गात आणि साताऱ्यात २०१७ च्या अखेरीस सुरू झालेल्या राष्ट्रीय उपक्रमात याच सुटणाऱ्या गोळीवर लक्ष दिले गेले. औषधे ठरावीक ठेवली, महिन्याभराची गोळी घराजवळच्या आरोग्य केंद्रातून दिली, आणि जो ठरल्या दिवशी आला नाही, त्याला दूरध्वनी करून किंवा घरी जाऊन विचारले, "काका, या महिन्यात आला नाहीत?"