लिव्हिंग्स्टनचे नाशिककर सोबती

इतिहासाच्या प्रश्नपत्रिकेत एक प्रश्न वर्षानुवर्षे ठरलेला असतो. अमुक खंडाचा, अमुक जलमार्गाचा, अमुक नदीच्या उगमाचा शोध कोणी लावला? उत्तर एका नावाचे आणि गुणही एकच. वास्को-द-गामा १४९८ साली कालिकतला पोहोचला, तो मालिंदी बंदरात मिळालेल्या एका वाटाड्याच्या भरवशावर. मोसमी वारे आणि आकाशातील तारे यांची नेमकी जाण असलेल्या त्या माणसाने पोर्तुगीज गलबते तीन-साडेतीन आठवड्यांत अरबी समुद्रापार आणून सोडली. त्याचे नाव काय होते याविषयी इतिहासकारांत अद्याप एकमत नाही. गामाच्या नावाविषयी मात्र प्राथमिक शाळेतल्या मुलालाही शंका नसते.

प्रश्न चुकीचा आहे असे कोणी म्हणणार नाही. तो अपुरा आहे. आणि तो किती अपुरा आहे हे पाहायचे तर डेव्हिड लिव्हिंग्स्टनच्या अखेरच्या प्रवासाइतके दुसरे उदाहरण नाही. आपल्याला ते जवळचे वाटावे असे आणखीही एक कारण आहे. त्या प्रवासाचा एक धागा थेट नाशिकपर्यंत येतो.

नाशिकमध्ये शरणपूर रस्ता सर्वांच्या परिचयाचा आहे. ज्या शरणपुरावरून त्याला हे नाव पडले, ती वसाहत चर्च मिशनरी सोसायटीच्या विल्यम प्राइस या पाद्र्याने १८५४ साली वसविली. पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसे भरून नेणारी गुलामांची गलबते ब्रिटिश आरमार त्या काळी अरबी समुद्रात पकडीत असे. सुटका झालेल्या मुलांना परत घरी धाडणे शक्य नसे. घर कोठे हेच पुष्कळांना सांगता येत नसे. अशी मुले मुंबईला उतरविली जात आणि त्यांतील काही शरणपूरच्या आश्रमशाळेत येत. तेथे त्यांना लिहिणे-वाचणे शिकवीत आणि सुतारकी, लोहारकी यांसारखे धंदेही. इंग्रजी आणि हिंदुस्थानी त्यांना येऊ लागे. गोदाकाठी वाढलेल्या त्या मुलांच्या कानांवर मराठी पडली नसेल, असे तर कसे म्हणता येईल? पुढे परदेशी ग्रंथांत या मंडळींना ‘नाशिकची मुले’ असेच नाव पडले.

लिव्हिंग्स्टन मुंबईला प्रथम आला तो १८६४ च्या जून महिन्यात. नदीसाठी बांधलेली आपली ‘लेडी न्यासा’ ही चिमुकली आगबोट त्याने झांझिबारहून स्वतः हाकीत पंचेचाळीस दिवसांत येथे आणली. ती विकावयाची होती. (पुढे ती विकली गेली, पैसे एका बँकेत ठेवले आणि ती बँक बुडाली. शोधकांचे आर्थिक व्यवहार हा एक स्वतंत्र विषय होईल.) त्याच्याबरोबर आलेल्या आफ्रिकन सोबत्यांत सुसी नावाचा झांबेझीकाठचा तरुण होता, आणि १८६१ मध्ये गुलामांच्या तांड्यातून सोडविलेला चुमा हा मुलगा. चुमाला त्याने मुंबईत डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत ठेवले आणि सुसी गोदीत कामाला लागला. पुढच्या वर्षी तो परत आला तेव्हा नाशिकला जाऊन त्याने आश्रमशाळेतील तरुणांना विचारले, येता का? नऊ जण निघाले. १८६६ च्या जानेवारीत मुंबई सोडताना या नऊ जणांखेरीज तेरा देशी शिपायांची एक तुकडीही त्याच्या दिमतीला होती.

नाईलचा उगम शोधण्याची ती मोहीम सात वर्षे चालली आणि तिची वाताहत लवकरच झाली. शिपाई परत पाठवावे लागले. कोमोरो बेटांवरचे दहा जण पळून गेले आणि साहेब मारला गेल्याची खोटी बातमी त्यांनी झांझिबारला पसरविली. १८७१ मध्ये उजीजी येथे स्टॅन्लेने लिव्हिंग्स्टनला गाठले, ही हकीकत सर्वश्रुत आहे. त्या स्टॅन्लेच्या तांड्याचा नायक कोण होता हे मात्र विशेष कोणास ठाऊक नसते. त्याचे नाव सिदी मुबारक बॉम्बे. बालपणी गुलाम म्हणून हिंदुस्थानात आणला गेलेला आणि मालक वारल्यावर मोकळा होऊन परतलेला हा माणूस १८५८ मध्ये स्पीकबरोबर व्हिक्टोरिया सरोवराच्या काठी उभा होता. दोघांना समजेल अशी भाषा एकच होती, ती हिंदुस्थानी. नाईलच्या उगमाचा प्रश्न त्या सरोवराकाठी आपल्याकडच्या बोलीत चर्चिला गेला असणार, ही कल्पना मोठी मौजेची आहे.

१८७२ मध्ये लिव्हिंग्स्टनच्या मदतीसाठी नव्या माणसांची तुकडी गेली, तीत नाशिकचे आणखी काही तरुण होते. जेकब वेनराइट, मॅथ्यू वेलिंग्टन, कॅरस फरार ही त्यांतली नावे. मूळची नावे गुलामगिरीत हरवली. ही नंतर मिळालेली.

१८७३ च्या पावसाळ्यात बांग्वेउलू सरोवराच्या दलदलीत लिव्हिंग्स्टन रक्ती आवेने खंगत गेला. चालवेना तेव्हा या लोकांनी त्याला डोलीत घालून नेले. मे महिन्याच्या आरंभी, आजच्या झांबियातील चितांबो या प्रमुखाच्या गावी, तो पहाटे अंथरुणाशी गुडघे टेकलेल्या अवस्थेत मृत आढळला. मुंबईपासून बरोबर असलेल्यांपैकी तेव्हा पाच उरले होते. सुसी, चुमा, अमोडा आणि नाशिकच्या पहिल्या नऊ जणांतील गार्डनर व मब्रुकी.

येथपर्यंतची गोष्ट लिव्हिंग्स्टनची. यापुढची कोणाची?

साहेब गेला. आज्ञा करणारे कोणी उरले नव्हते. प्रेत तेथेच पुरून, सामान वाटून घेऊन हे साठएक लोक आपापल्या वाटेने गेले असते तर त्यांना दोष देणारे कोणी नव्हते. त्यांनी बैठक भरविली आणि प्रेत समुद्रापर्यंत न्यायचे ठरविले. समुद्र हजार मैलांहून दूर. वाटेवरच्या लोकांत प्रेताविषयी मोठे भय. गावातून प्रेत नेणे म्हणजे दंड, कदाचित मारामारी. म्हणून चितांबोपासूनही मृत्यू लपविण्याचा बेत होता. पण त्याला सुगावा लागला आणि तो भला निघाला. झांझिबारला एका डॉक्टराकडे चाकरी केलेला फरजल्ला आणि नाशिकचा कॅरस यांनी प्रेताचे हृदय व आतडी काढली. ती एका मोठ्या झाडाखाली पुरताना जेकब वेनराइटने प्रार्थना वाचली. मीठ घालून चौदा दिवस उन्हात सुकविलेला देह मांजरपाटात गुंडाळला, झाडाच्या सालीच्या नळकांड्यात घातला, वरून शिडाचे कापड शिवले आणि डांबर फासले. पेटाऱ्यातील प्रत्येक वस्तूची यादी जेकबने लिहून काढली. वह्या, नकाशे, निरीक्षणांची टिपणे, उपकरणे सारे बांधून घेतले.

ऑक्टोबरमध्ये उन्यान्येंबे येथे त्यांना इंग्रजांचीच एक तुकडी भेटली. तिचा प्रमुख कॅमेरॉन याने सल्ला दिला की पुढे धोका आहे, येथेच दफन करा. या लोकांनी सल्ला ऐकून घेतला आणि मानला नाही. उपकरणे कॅमेरॉनने ठेवून घेतली. देह आणि वह्या घेऊन तांडा पुढे निघाला. कासेकेरा येथे लोकांनी खरोखरच वाट अडविली. तेव्हा यांनी ज्वारीसारख्या धाटांचे एक खोटे प्रेत बांधले आणि उन्यान्येंबेला परत नेतो म्हणून काही माणसे सर्वांसमक्ष ते घेऊन मागे फिरली. रानात धाटे फेकून देऊन ती निरनिराळ्या वाटांनी तांड्यास मिळाली. खरा देह तोवर कापडाच्या गाठोड्यासारखा बांधून झाला होता. १८७४ च्या फेब्रुवारीत, नऊ महिन्यांनी, ते बागामोयोच्या किनाऱ्यावर उतरले. तेथे त्यांचा पगार चुकता झाला आणि बहुतेकांची बोळवण झाली.

१८ एप्रिल १८७४ रोजी लिव्हिंग्स्टनचे दफन लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबेत झाले. शवपेटीसोबत चालणाऱ्या आठ मानकऱ्यांत जेकब वेनराइट एकटाच आफ्रिकन होता. मिशनने प्रवासखर्च दिला म्हणून तो पोहोचला. सुसी आणि चुमा आले ते लिव्हिंग्स्टनच्या एका मित्राने नंतर स्वखर्चाने आणविले म्हणून; तोवर दफन आटोपले होते. मात्र या दोघांना शेजारी बसवून संपादकाने लिव्हिंग्स्टनच्या अखेरच्या रोजनिश्या लावल्या, तुटलेले दुवे विचारून घेतले, आणि त्याच वर्षी ते दोन खंड प्रसिद्ध झाले. रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने तांड्यातील लोकांसाठी पदके पाडली. पण माणसे पांगली होती आणि अनेकांच्या हाती पदक कधी पडलेच नाही. पदकावरील मजकुराचा आशय ‘अखेरपर्यंत एकनिष्ठ’ असा आहे. ॲबेतील शिळेवर, एकनिष्ठ हातांनी भूमी व समुद्र ओलांडून आणलेला लिव्हिंग्स्टन येथे विसावला आहे, अशा अर्थाचे शब्द कोरले आहेत. हातांना नावे नाहीत.

खटकते ते नेमके हे. एकनिष्ठा हा गुण थोर खरा. पण तो सेवकाला बहाल करावयाचा गुण आहे. कॅमेरॉनसारख्या अधिकाऱ्याचा सल्ला नाकारणे, शत्रूला चकविण्याची युक्ती योजणे, साठ माणसांचा तांडा नऊ महिने एकत्र ठेवणे, यांस निष्ठा एवढेच म्हणणे म्हणजे त्या माणसांच्या बुद्धीचा आणि नेतृत्वाचा हिशेब बुडविणे होय. अशीच कामगिरी एखाद्या युरोपियन दुय्यम अधिकाऱ्याने केली असती तर तिला मोहीम म्हटले असते.

यावर एक आक्षेप संभवतो आणि तो पोकळ नाही. वाट माहीत असणे निराळे आणि अक्षांश-रेखांश मोजून ती जगाच्या नकाशावर मांडणे निराळे. दुसऱ्या कामासाठी लिव्हिंग्स्टनच हवा. मान्य. परंतु मोजणी करणाऱ्याचे पोट आणि पाय कोणी चालविले? १८५३ मध्ये लिव्हिंग्स्टन पश्चिम किनाऱ्याकडे निघाला तेव्हा सत्तावीस माणसे आणि खर्चासाठी हस्तिदंत मकोलोलोंचा राजा सेकेलेटू याने दिले. १८५५ मध्ये ज्या धबधब्याला त्याने व्हिक्टोरिया राणीचे नाव दिले, त्याला ‘गर्जणारा धूर’ अशा अर्थाचे नाव तेथील लोकांनी आधीच ठेवले होते. आणि मोजणीही चुकते. जी लुआलाबा नदी नाईल असावी असे लिव्हिंग्स्टन अखेरपर्यंत मानत राहिला ती काँगोची निघाली. हे सर्व सांगताना त्या माणसाला न्यूनत्व आणण्याचा हेतू नाही. गुलामांच्या व्यापाराविरुद्ध त्याने जो आवाज उठविला त्याचे मोल कमी होत नाही. उलट त्याच्या रोजनिश्यांत सोबत्यांची नावे पानोपानी येतात. भांडणे, आजार, रुसवे यांसकट येतात. नावे गाळली ती नंतरच्या सारांशकारांनी आणि पाठ्यपुस्तककारांनी. पानांची मर्यादा असते, हे खरे. पण मर्यादेत कोण बसतो आणि कोण बसत नाही, याचा निवाडा दर वेळी एकाच बाजूने कसा होतो?

पुढे चुमाने जोसेफ टॉमसनच्या १८७९-८० च्या मोहिमेचा तांडा सांभाळला आणि १८८२ मध्ये तो झांझिबारला वारला. सुसी स्टॅन्लेबरोबर काँगोत गेला. जेकब वेनराइट १८९२ मध्ये आजच्या टांझानियातील उरांबो येथे निवर्तला. मॅथ्यू वेलिंग्टन मोंबासात १९३५ पर्यंत हयात होता; म्हणजे नाशिकच्या शाळेतील हा विद्यार्थी आपल्या आजोबा-पणजोबांचा समकालीन. जेकबने त्या प्रवासाची इंग्रजीत लिहिलेली रोजनिशी स्कॉटलंडमधील लिव्हिंग्स्टनच्या जन्मस्थानी असलेल्या संग्रहालयात जपून आहे. १८७४ मध्येच तिचे जर्मन भाषांतर छापले गेले होते. मूळ हस्तलिखित सर्वांना वाचता येईल अशा रीतीने प्रसिद्ध व्हावयास २०१९ साल उजाडले.

चितांबोच्या गावी ज्या झाडाखाली हृदय पुरले, त्या झाडाच्या बुंध्यावर जेकबने लेख कोरला होता. झाड जीर्ण झाल्यावर तो भाग १८९९ मध्ये कापून लंडनला नेण्यात आला. त्यावर लिव्हिंग्स्टनचे नाव आहे, ४ मे १८७३ ही तारीख आहे (ॲबेतील शिळेवर ती १ मे अशी आहे), आणि खाली तांड्यातील आणखी तीन माणसांची नावे आहेत. जेकबने त्यांत स्वतःचे नाव घातलेले नाही.