दिग्दर्शक कै. निशिकांत कामत

गुन्हेगारीवरील चित्रपट पाहून मुलें बिघडतात, अशी भीति बेलापुरांतील पुष्कळ पालकांस वाटते, व ती सर्वस्वीं अनाठायीं नाहीं. तथापि कांहीं चित्रें गुन्ह्याचा मोह दाखवितात, तर कांहीं गुन्ह्याचें मूळ शोधतात. दुसऱ्या प्रकाराचें उदाहरण म्हणून आम्ही कै. निशिकांत कामत यांचें नांव घेतों.

त्यांचें 'डोंबिवली फास्ट' हें चित्र २००५ सालचें. त्यांतील माधव आपटे हा बँकेंतील सचोटीचा नोकर. जिकडे तिकडे लांचलुचपत पाहून त्याचा संयम सुटतो; तो हातीं क्रिकेटची बॅट घेतो व अखेर पोलिसांच्या गोळीस बळी पडतो. या चित्रास राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २००७ सालीं कामतांनींच तें तामिळ भाषेंत केलें. 'मुंबई मेरी जान' (२००८) मध्यें त्यांनीं लोकल गाड्यांतील २००६ च्या बाँबस्फोटांनीं सामान्य माणसांच्या मनांवर झालेले घाव दाखविले. मूळ मल्याळी कथेवरील 'दृश्यम' (२०१५) मध्यें कुटुंबाच्या रक्षणासाठीं गुन्हा लपविणारा बाप आहे. ता. १७ ऑगस्ट २०२० रोजीं, पन्नाशींतच, ते हैदराबाद येथें वारले.

आपट्याची चीड खरी. पण बॅट उगारल्यानें कोणी न्यायाधीश होत नाहीं. हा भेद मुलांशीं बोलून उलगडणें, हें पालकांचें काम होय.