पहिल्या श्वासाचा आधार

फुप्फुसातल्या वायुकोशांना आतून पाण्याचा पातळ थर असतो. पाण्याचे रेणू एकमेकांना ओढतात, म्हणून श्वास सोडताच कोश मिटू पाहतात. हा ताण सैल करतो सर्फॅक्टंट, कोशांतल्याच पेशींनी स्रवलेला स्निग्ध द्रव. अपुऱ्या दिवसांच्या बाळात तो पुरेसा नसतो. मग प्रत्येक श्वास पहिल्याइतकाच जड. बाळ कण्हतं, बरगड्यांमधली कातडी आत ओढली जाते. १९५९ मध्ये मेरी एलन एव्हरी आणि जेरे मीड यांनी हे कारण दाखवलं. तरी १९६३ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांचा अपुऱ्या दिवसांचा मुलगा पॅट्रिक याच त्रासाने दोन दिवसांत गेला, उपायच नव्हता. १९८० मध्ये जपानच्या तेत्सुरो फुजिवारांनी गाईच्या फुप्फुसांपासून केलेलं सर्फॅक्टंट १० बाळांच्या श्वासनलिकेत सोडल्याचं प्रसिद्ध केलं. आज औषध दिल्यावर बऱ्याचदा थोड्याच वेळात ऑक्सिजन कमी करता येतो. इतकं चटकन गुण देणारी औषधं फार थोडी.